ग्लेझ केलेलं कॉर्न्ड बीफ आणि कोबी: पाकीट निवडण्यापासून कापण्यापर्यंत

फेब्रुवारी संपत आला की अमेरिकेतल्या मोठ्या दुकानांत मांसाच्या फ्रिजपाशी लालभडक पाकिटांचा ढीग लागतो. आत गुलाबी पाण्यात बुडालेला मांसाचा चपटा तुकडा आणि मसाल्याची चिमुकली पुडी. १७ मार्चला, म्हणजे सेंट पॅट्रिक्स डेला, अमेरिकेत कितीतरी घरांच्या ताटात हेच कॉर्न्ड बीफ, म्हणजे खारवलेलं गोमांस, आणि कोबी असतो. भाव त्या आठवड्यात एवढे उतरलेले असतात की नवखा माणूसही एक पाकीट उचलून आणतो. घरी आल्यावर मात्र प्रश्न पडतात. हे आधीच शिजलेलं आहे का? धुवायचं का? ग्लेझ कधी लावायचं? पाकिटावरच्या चार ओळींत यातलं फारसं काही नसतं.

एक गोष्ट आधीच ध्यानात ठेवा. या पदार्थात तीन वेगवेगळी कामं आहेत: मांस खारवणं, ते मंद आचेवर मऊ करणं आणि शेवटी वरून गोड-आंबट ग्लेझ, म्हणजे पाकाचा चकाकता थर, चढवणं. पहिलं काम पाकीटवाल्याने केलेलं असतं. उरलेली दोन कामं एकात एक मिसळली, की मांस चामड्यासारखं होतं आणि साखर जळते.

हा लेख प्रामुख्याने अमेरिकेत राहणाऱ्यांसाठी आहे. महाराष्ट्रात २०१५पासून गायीबरोबर बैल आणि वळू यांच्याही कत्तलीवर बंदी आहे, त्यामुळे तिथल्या स्वयंपाकघरात हा प्रश्नच येत नाही.

आधी नावाचा घोळ

कॉर्न्ड म्हटलं तरी मक्याशी याचा काही संबंध नाही. जुन्या इंग्रजीत कॉर्न म्हणजे कुठलाही दाणा. मांस खारवायला वापरत त्या जाड्या मिठाच्या खड्यांवरून हे नाव पडलं.

हा आयर्लंडचा पारंपरिक पदार्थ आहे, हेही अर्धंच खरं. कॉर्क बंदरातून खारवलेलं गोमांस शतकानुशतकं जहाजांवर चढत होतं, पण ते पिकवणाऱ्या गरीब आयरिश घरात ते क्वचितच शिजायचं. तिथे कोबीबरोबर असे ते खारवलेलं डुकराचं मांस. १८४५नंतरच्या दुष्काळात न्यूयॉर्कला आलेल्या आयरिश लोकांना ज्यू खाटकांकडे ब्रिस्किट (गोमांसातला छातीचा भाग) स्वस्तात मिळू लागलं. डुकराच्या जागी ते आलं, स्वस्त म्हणून कोबी टिकला आणि अमेरिकेत त्याचा सण झाला.

देश बदलला की नावही बदलतं, आणि इथेच पुष्कळांची फसगत होते. लंडनमध्ये कॉर्न्ड बीफ मागितलंत तर हातात डबा येईल, ज्यातलं मांस आधीच शिजवून, भुगा करून दाबलेलं असतं. ते उकळायला घातलंत तर लगदा होईल. तिथे ‘सॉल्ट बीफ’साठी खारवलेलं ब्रिस्किट मागा. ऑस्ट्रेलियात ‘कॉर्न्ड सिल्व्हरसाइड’ मिळतं. तो मागच्या मांडीचा भाग, चरबी कमी. त्याला हीच कृती चालते, फक्त तो लवकर कोरडा पडतो.

लागणारं सामान (सहा जणांसाठी)

मांस आणि मसाला:
- खारवलेलं ब्रिस्किट, ४ पौंड (साधारण १.८ किलो), मसाल्याच्या पुडीसकट
- कांदा १ मोठा, लसूण ४ पाकळ्या, तमालपत्रं २, अख्खी मिरी १ छोटा चमचा

ग्लेझ:
- ब्राउन शुगर १०० ग्रॅम (मापाचा अर्धा कप, दाबून)
- डिजॉन मोहरी (बाटलीतली तयार, फेसलेली फ्रेंच मोहरी) ३ मोठे चमचे
- ॲपल सायडर व्हिनेगर १ मोठा चमचा
- संत्र्याचा रस २ मोठे चमचे
- बिनमिठाचं लोणी १ मोठा चमचा
- भरड कुटलेली मिरी अर्धा छोटा चमचा

भाज्या:
- कोबीचा गड्डा १, साधारण २ पौंड
- लहान लाल सालीचे बटाटे दीड पौंड
- गाजरं ५

भांडी: तुकडा आडवा मावेल असं ६ ते ८ लिटरचं जाड बुडाचं पातेलं, ओव्हनचा ट्रे, फॉइल, ब्रश, लांब पात्याची धारदार सुरी आणि मांसात खुपसायचा थर्मामीटर. थर्मामीटर दहा-पंधरा डॉलरला मिळतो. तो नसेल तर काट्याने काम भागतं, पण पहिल्या वेळी असला तर बरा.

यादीत मीठ नाही, ते विसरलेलं नाही. ग्लेझमध्ये, भाजीत, पाण्यात, कुठेही मीठ घालायचं नाही.

१. तुकडा निवडा

ब्रिस्किट म्हणजे जनावराच्या छातीचा भाग. उभं वजन पेलणारे हे स्नायू असल्यामुळे मांस चिवट असतं, पण त्यात स्नायू बांधून ठेवणाऱ्या ऊतीचं, म्हणजे कोलॅजनचं प्रमाण भरपूर असतं. तासन्‌तास मंद उष्णता मिळाली की कोलॅजनचं जिलेटिन होतं आणि तेच मांस लुसलुशीत लागतं. घाई केली तर ते चिवटच राहतं.

पाकिटावर दोनांपैकी एक नाव असेल. ‘फ्लॅट कट’ म्हणजे चपटा, एकसारख्या जाडीचा, एका बाजूला चरबीचा थर असलेला तुकडा. ‘पॉइंट कट’ निमुळता, ओबडधोबड, आतून चरबीने भरलेला आणि पौंडामागे स्वस्त. ग्लेझ चढवून सुरेख काप काढायचे असतील तर फ्लॅट घ्या, कारण वरची सपाट चरबीच ग्लेझ धरून ठेवते. पॉइंट चवीला सरस म्हणणारे खूप आहेत आणि ते चुकीचं नाही, पण कापताना त्याचे तुकडे पडतात. तो सँडविचला आणि दुसऱ्या दिवशीच्या परतण्याला ठेवा.

पाकीट उलटंपालटं करून चरबीचा थर बघा. पाव इंच थर उत्तम, पाऊण इंच असेल तर तुम्ही चरबीचे पैसे देताय. त्यात किती टक्के खारं द्रावण भरलंय ते लेबलवर लिहिलेलं असतं, तेही वाचा. शिजल्यावर वजन जवळजवळ चाळीस टक्के घटतं. म्हणून माणशी कच्चं पाऊण पौंडाला थोडं कमी धरा. चार पौंडांचं पाकीट आठ जणांना पुरेल असं वाटतं, पण प्रत्यक्षात ते सहाच जणांना पुरतं.

२. घरी आणल्यावर

पाकिटातलं मांस कच्चं असतं. ते गुलाबी दिसतं, वास मसालेदार येतो, म्हणून खाऊन बघायचा मोह करू नका. ‘यूज बाय’ तारीख असेल तर न फोडता तोपर्यंत फ्रिजमध्ये ठेवता येतं. नुसती ‘सेल बाय’ असेल तर आणल्यापासून पाच ते सात दिवसांत शिजवा. १७ तारखेनंतर भाव आणखी पडतात, तेव्हा दोन घेऊन ठेवायला हरकत नाही. पण फ्रीझ करताना खारं पाणी काढून टाका, तुकडा घट्ट गुंडाळा आणि महिनाभरात संपवा.

३. स्वतः खारवायचं असेल तर

पाकीट आणलंय त्यांनी ही पायरी सोडून पुढे जावं. पण मार्चखेरीज इतर महिन्यांत पाकिटं कमी दिसतात आणि साधं ब्रिस्किट बारमाही मिळतं. घरी खारवलेलं कमी खारट होतं आणि मसाला मनासारखा घालता येतो.

कॉर्न्ड बीफला गुलाबी रंग येतो तो सोडियम नायट्राइटमुळे. ते बाजारात ‘क्युअरिंग सॉल्ट नंबर १’ किंवा ‘प्राग पावडर नंबर १’ या नावाने मिळतं. त्यात ६.२५ टक्के नायट्राइट आणि बाकीचं साधं मीठ असतं. टेबलावरच्या मिठाशी गल्लत होऊ नये म्हणून ते मुद्दाम गुलाबी रंगवतात. नेमका इथेच मराठी घरात धोका आहे, कारण आपलं सैंधवही गुलाबीच. सैंधव घातलंत तर मांस करडं राहील, फार काही बिघडणार नाही. उलट झालं, म्हणजे क्युअरिंग सॉल्ट आमटीत गेलं, तर ते विष आहे. मिसळणाच्या डब्याच्या आसपास ते ठेवू नका. नाव लिहिलेल्या वेगळ्या बरणीत, वरच्या फळीवर ठेवा. ‘नंबर २’ही घेऊ नका, तो महिनोन्‌महिने सुकवायच्या मांसासाठी असतो.

प्रमाण वजनावर काढायचं. मांस २ किलो आणि पाणी २ लिटर, मिळून ४ किलो. त्याच्या ०.२५ टक्के क्युअरिंग सॉल्ट, म्हणजे १० ग्रॅम, एक ग्रॅमही जास्त नको. साधं मीठ १२० ग्रॅम, ब्राउन शुगर ४० ग्रॅम. मसाला दोन मोठे चमचे: मोहरी, धणे, मिरी, ऑलस्पाइस, तीन-चार लवंगा, एक सुकी मिरची, तमालपत्र. लसणाच्या चार पाकळ्या ठेचून. कपाने मीठ मोजू नका. जाड्या मिठाच्या एका ब्रँडचा कप दुसऱ्याच्या जवळपास दुप्पट वजनाचा भरू शकतो.

अर्धा लिटर पाण्यात साधं मीठ, साखर, मसाला उकळा आणि पूर्ण गार होऊ द्या. त्यात उरलेलं थंड पाणी ओता, क्युअरिंग सॉल्ट विरघळवा. जाड झिपपिशवीत मांस आणि पाणी भरा, हवा काढा, पिशवी काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात ठेवा. ॲल्युमिनियम नको. फ्रिज ४० अंश फॅरनहाइटच्या (४ अंश सेल्सिअस) खाली हवा. दोन इंच जाडीच्या तुकड्याला आठ दिवस लागतात, त्यात रोज एकदा पिशवी उलटी करायची. चौथ्या दिवशी काढलंत तर कापल्यावर मधोमध करडा पट्टा दिसेल, द्रावण तिथवर पोचलंच नव्हतं.

गोव्यातल्या ख्रिस्ती घरांत मीठ, लिंबू आणि सोरा लावून जीभ खारवतात, ती याचीच चुलत बहीण. सोरा म्हणजे पोटॅशियम नायट्रेट. त्याचं आधी नायट्राइट व्हावं लागतं आणि मगच तो काम करतो. म्हणून इथे नायट्राइटच्या जागी सोरा त्याच मापाने घालू नका.

४. खारटपणा उतरवा

पाकीट सिंकमध्ये फोडा, नाहीतर गुलाबी पाणी ओट्यावरून जमिनीपर्यंत जाईल. मसाल्याची पुडी बाजूला काढा. ती मांसाला चिकटलेली असते आणि हमखास पाण्याबरोबर जाते. तुकडा वाहत्या गार पाण्याखाली धुवा आणि भांडंभर गार पाण्यात बुडवून तासभर फ्रिजमध्ये ठेवा. पाणी एकदा बदललंत तर उत्तम. रात्रभर भिजत ठेवायची गरज नाही, मिठाबरोबर चवही निघून जाते. वर सांगितलेल्या मापाने घरी खारवलं असेल तर नुसतं धुणं पुरे.

आता एक काम करा, पुढे त्यावाचून अडेल. मांसाचे धागे कोणत्या दिशेने धावतात ते कच्च्यातच बघा आणि एका कोपऱ्यावर धाग्यांना आडवी छोटी खाच मारून ठेवा. शिजून, वर ग्लेझ चढल्यावर हे धागे दिसत नाहीत.

५. मंद आचेवर शिजवा

तुकडा पातेल्यात चरबीची बाजू वर करून ठेवा. त्यावर इंचभर येईल इतकं गार पाणी घाला. हे पाणी उकळीला येऊ द्या आणि चमचाभर चाखा. समुद्राच्या पाण्यासारखं लागलं तर ओतून टाका आणि नवीन पाणी भरा. ठीक लागलं तर वर आलेला फेस झाऱ्याने काढा. मग कांद्याच्या चार फोडी, लसूण, तमालपत्रं, मिरी आणि पुडीतला मसाला घाला. पुडीतला मसाला फडक्यात बांधून सोडलात तर पुढे कोबीच्या पानांतून मोहऱ्या वेचत बसावं लागणार नाही.

आच आता अगदी कमी. पाणी रटरटता कामा नये. कडेला एखाददुसरा बुडबुडा यावा, पृष्ठभाग थरथरावा, एवढंच. थर्मामीटर पाण्यात १९० ते २०० अंश फॅरनहाइट दाखवेल. खळखळ उकळलंत तर स्नायूंचे धागे आवळतात, पाणी पिळून बाहेर टाकतात आणि मांस बाहेरून सुटं, आतून कोरडं होतं. गंमत म्हणजे ते पाण्यातच असतं, तरी कोरडं होतं. झाकण थोडं उघडं ठेवा, पूर्ण लावलं की आच कितीही कमी असो, पातेलं उकळायला लागतं.

चार पौंडांच्या फ्लॅटला सव्वातीन तास धरा, पौंडामागे ४५ ते ५० मिनिटं. अडीच तासांनंतर दर वीस मिनिटांनी तपासा. जाड भागात काटा खुपसा: तो लोण्यात गेल्यासारखा गेला आणि फिरवल्यावर धागे सैल झाले, तर झालं. थर्मामीटरवर १९५ ते २०० अंश. १४५ अंशांना ते खायला सुरक्षित होतं, पण चावायला नाही. अडीच तासांनी मांस घट्ट लागलं म्हणून पुष्कळ जण ‘जास्त शिजलं’ असं समजून गॅस बंद करतात. ते जास्त नसतं, कमी शिजलेलं असतं. अजून अर्धा तास द्या.

मध्येच रंग बघून घाबरू नका. तीन तासांनीही ते गुलाबीच राहणार, नायट्राइटने तो रंग पक्का केलेला असतो. उलट, बॉस्टनकडे नायट्राइटशिवाय खारवलेलं ‘ग्रे’ कॉर्न्ड बीफ मिळतं, ते शिजून करडं होतं आणि तेच बरोबर.

*कुकर वापरायचा असेल तर:* इन्स्टंट पॉटमध्ये ४ कप पाणी, हाय प्रेशरवर ९० मिनिटं. शिट्टीच्या कुकरमध्ये पहिली शिट्टी झाल्यावर आच बारीक करून ६५ ते ७० मिनिटं, आणि अधूनमधून वाफ निसटतेय ना याकडे कान. दोन्हीकडे वाफ आपोआप उतरू द्या, किमान २० मिनिटं. शिट्टी उचलून वाफ सोडलीत तर आतलं पाणी एकदम खळाळतं आणि मांस आखडतं. कुकरमध्ये पाणी कमी, त्यामुळे खारटपणा जास्त. म्हणून आधीचं भिजवणं दीड तास करा. स्लो कुकरला ‘लो’वर ८ ते ९ तास. कोबी मात्र यांपैकी कशातही मांसाबरोबर घालू नका.

६. ग्लेझ चढवा

ग्लेझ म्हणजे मोहरी-साखरेचा पाक, तो शिजलेल्या मांसावर शेवटची पंचवीस मिनिटं चढतो. कच्च्या तुकड्यावर पाक लावून ओव्हनमध्ये घातलात तर मांस मऊ व्हायला तीन तास लागतील आणि साखर अर्ध्या तासात काळी होईल. सगळ्यात जास्त तुकडे याच एका चुकीने वाया जातात.

मांस शिजत आलं की छोट्या भांड्यात ब्राउन शुगर, व्हिनेगर, संत्र्याचा रस आणि लोणी मंद आचेवर घ्या. साखर विरघळली की दोन-तीन मिनिटं आटवा. एकतारीच्या जरा अलीकडे थांबायचं: चमच्याच्या पाठीवर बोट ओढलं की रेघ राहावी, पण पाक धार धरून पडावा. आच बंद करून मग मोहरी आणि मिरी घाला. मोहरीचा झणका उष्णतेने उडतो, म्हणून ती पाकाबरोबर उकळू नका.

ब्राउन शुगरच्या जागी काळा गूळ चालतो, रंग तर उलट सुरेख येतो. पण आधी गूळ चाखून बघा, काही गूळ मुळातच किंचित खारट असतो. डिजॉन नसेल तर पिवळी मोहरी व्हिनेगरच्या थेंबांनी घरी फेसून घ्या. आपली काळी मोहरी फेसलीत तर ती दीड चमचाच पुरे, नाकातून धूर निघेल.

ओव्हन ३७५ अंश फॅरनहाइटवर (१९० सेल्सिअस) तापवा. मांस दोन रुंद उलथन्यांवर आधार देऊन उचला. एका टोकाला चिमट्याने धरून उचललंत तर मधोमध तुटेल, ते आता तेवढं मऊ झालंय. फॉइल लावलेल्या ट्रेवर ठेवा, पाच-दहा मिनिटं वाफ जाऊ द्या आणि कागदी टॉवेलने वरचा भाग टिपून अगदी कोरडा करा. ओल्या चरबीवर पाक टिकत नाही, घसरून ट्रेत जमतो. चरबी पाव इंचापेक्षा जाड असेल तर आता तासा, आणि तिच्यावर चौकोनी चिरा मारा. चिरा चरबीपुरत्या, मांसापर्यंत नकोत.

निम्मा पाक ब्रशने वर आणि कडांना लावा. ट्रेमध्ये तळाला अर्धा कप शिजवलेलं पाणी, म्हणजे मांस ज्यात शिजलं ते पातेल्यातलं पाणी, घाला, म्हणजे ओघळलेली साखर जळून घरभर धूर होणार नाही. बारा मिनिटं भाजा, बाहेर काढून उरलेला पाक लावा, पुन्हा बारा मिनिटं. शेवटी पाकाचे बुडबुडे मोठे आणि संथ व्हायला लागतात, कडांना गडद तपकिरी रंग येतो आणि वरचा थर लखलखतो. रंग फिका वाटला तर ब्रॉयलर (ओव्हनची वरून येणारी कडक आच) दोन मिनिटं लावा. तेवढा वेळ ओव्हनसमोरून हलू नका. तांबूस आणि काळा यांत तीस सेकंदांचंच अंतर असतं.

७. भाज्या त्याच पाण्यात

मांस ओव्हनमध्ये जायच्या तयारीत असताना भाज्यांना हात घाला. मसाल्याची पुरचुंडी काढा, पाण्यावरची चरबी वरवर काढा, पाणी चाखा. बटाटे मीठ ओढून घेतात, म्हणून पाणी खारट वाटलं तर निम्मं काढून साधं पाणी घाला.

बटाटे अख्खे (मोठे असतील तर अर्धे) आधी. दहा मिनिटांनी गाजराचे दोन इंची तुकडे. आणखी पाच मिनिटांनी कोबी. गड्ड्याच्या आठ उभ्या फोडी करा, मधला दांडा प्रत्येक फोडीला राहू द्या. तोच पानं धरून ठेवतो. भाजीला चिरतो तसा दांडा काढून टाकलात तर पातेलंभर पानं तरंगतील. झाकण न लावता १२ ते १५ मिनिटं. सुरीचं टोक दांड्यात सहज गेलं की लगेच काढा. कोबी जितका जास्त वेळ शिजेल तितके त्यातले गंधकाचे वास बाहेर पडतात. जिन्यात येणारा तो ‘उकडलेल्या कोबीचा’ वास म्हणजे अर्धा तास उकळलेला कोबी. मांसाबरोबर तीन तास कोबी घालायची जुनी रीत यासाठीच सोडून द्यावी.

पाणी नीट निथळा. फोडी लोण्यावर एका बाजूने तांबूस परतल्या तर फारच छान, पण ते हौसेचं काम.

सव्वासातला ताटं वाढायची तर वेळ अशी: दोनला मांस भिजवा, तीनला मंद आचेवर आणा, सव्वासहाला बाहेर काढून टिपा, साडेसहाला ओव्हनमध्ये मांस आणि पातेल्यात बटाटे, ६:४० ला गाजरं, ६:४५ ला कोबी, सातला सगळं बाहेर. उरलेली पंधरा मिनिटं मांसाच्या विश्रांतीची आणि तुमचीही.

८. आडवं कापा

ओव्हनमधून काढल्यावर मांस दहा-पंधरा मिनिटं तसंच राहू द्या. मग ती खाच शोधा आणि तिच्या दिशेने, म्हणजे धाग्यांना आडवं, पेन्सिलीच्या जाडीचे काप काढा. धाग्यांच्या दिशेने कापलंत तर तीन तास शिजवलेलं मांसही दोरखंडासारखं चावावं लागतं. मांस तेच, फरक फक्त सुरीच्या दिशेचा. पॉइंट आणि फ्लॅट एकत्र असलेला मोठा तुकडा असेल तर दोन्हींचे धागे वेगळ्या दिशेने जातात, म्हणून आधी ते चरबीच्या रेषेवर सुटे करा. काप फारच भुगा होत असतील तर जाडी वाढवा, कडक वाटत असतील तर पातळ काढा. लगेच खाणार नसाल त्या कापांवर दोन चमचे गरम शिजवलेलं पाणी शिंपडा.

सोबत झणझणीत मोहरी किंवा हॉर्सरॅडिश सॉस, आणि बटाट्यांवर लोणी व चिरलेली पार्स्ली. कोथिंबीर घातली तरी कोणी अडवत नाही.

१७ मार्च लेंटमध्ये, म्हणजे ईस्टरआधीच्या उपवासाच्या काळात येतो, आणि त्यातल्या शुक्रवारी कॅथलिक लोक मांस खात नाहीत. तो शुक्रवारी पडला, जसा २०१७ आणि २०२३मध्ये पडला होता, तर कॅथलिक पाहुण्यांना आधी विचारा. त्या वर्षांत अमेरिकेतल्या कित्येक बिशपांनी त्या दिवसापुरती मांसाची मुभा दिली होती, पण सगळ्यांनी नाही.

९. काही बिघडलंच तर

खारट झालं: काप गरम साध्या पाण्यात पाच मिनिटं ठेवा आणि बिनमिठाच्या लोण्यातल्या बटाट्यांबरोबर वाढा. ग्लेझमध्ये साखर वाढवून खारटपणा झाकत नाही, दोन्ही भडक लागतात.

चिवट राहिलं आणि ग्लेझही लावून झालं: काप काढा, ट्रेमध्ये कपभर शिजवलेलं पाणी घालून फॉइलने घट्ट झाका, ३०० अंश फॅरनहाइटवर ४५ मिनिटं. वरचा चकाकता थर जाईल, पण जेवण वाचेल.

ग्लेझ जळलं: काळा थर चरबीसकट तासून टाका. खालचं मांस चांगलंच असतं.

१०. उरलेलं

दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जायला हवं. उथळ डब्यात, थोड्या शिजवलेल्या पाण्यात बुडवून तीन-चार दिवस टिकतं. नुसतं ठेवलंत तर कडा सुकून वाकड्या होतात. थंड मांस अगदी पातळ कापता येतं, म्हणून राय ब्रेड, स्विस चीज आणि सावरक्राउटचं (आंबवलेल्या कोबीचं) रूबेन सँडविच दुसऱ्या दिवशीच करावं.

पण खरी मजा हॅशमध्ये. दोन कप थंड उकडलेले बटाटे आणि दीड कप मांस, दोन्ही अर्ध्या इंचाच्या फोडी. बिडाच्या तव्यात तेलावर एक कांदा परता, हवी तर हिरवी मिरची. मग बटाटे आणि मांस पसरून उलथन्याने दाबा आणि पाच-सहा मिनिटं अजिबात हलवू नका. खाली थालीपिठासारखी खरपूस पापडी धरली की तुकड्या-तुकड्याने उलटा, पुन्हा दाबा. वर अंडं फोडून झाकण ठेवा, पांढरं घट्ट झालं की तवा थेट टेबलावर न्या.